फ्रिजमधली टोपी

“इर्या सांगत होत्या, तुझी टोपी त्यांना फ्रिजमध्ये सापडली,” ब्रिटा हसत म्हणाली. “ऑरिन, वय झालं रे तुझं आता.”

मी सूपचा चमचा तोंडाकडे नेत होतो, तो तसाच वाडग्यात ठेवला. टोपी माझ्या डोक्यावरच होती. चित्रीकरण आटोपून तिच्या घरून निघताना इर्याने दारात ती माझ्या हातात दिली होती, चुलीपाशी शेकून ऊबदार केलेली, आणि मी आभार मानून डोक्यावर चढवली होती. ती तिच्याकडे आली कुठून, हा प्रश्न दीड तासाच्या रस्त्यात मला एकदाही पडला नव्हता.

“कुठल्या फ्रिजमध्ये?” मी विचारलं. खरं तर विचारायची गरज नव्हती.

“झोपायच्या खोलीतल्या. दुपारी आजची पिशवी बाहेर काढायला गेल्या तेव्हा. मला म्हणाल्या, याच्या घरी याला बघणारं कुणी नाही का... अरे, काय झालं?”

“मी तो फ्रिज बंद केला होता.”

“मग?”

“चालू केला नाही.”

ब्रिटाच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. डुलुथ शहरातल्या त्या छोट्या खानावळीत भिंतीवरचं घड्याळ पाच वाजून दहा मिनिटं दाखवत होतं. मी प्लग काढला होता सकाळी साडेदहाला.

मी सत्तावीस वर्षं माहितीपटांसाठी आवाज टिपतो. लोकांना कॅमेरा दिसतो. काठीला माइक बांधून कोपऱ्यात उभा असलेला माणूस कुणाला दिसत नाही, आणि तेच बरं असतं. आमचा खरा वैरी म्हणजे फ्रिज. घरातल्या माणसांना त्याची घरघर ऐकूच येत नाही इतकी ती अंगवळणी पडलेली असते, पण माइक ती सोडत नाही. माणूस आपल्या मेलेल्या आईबद्दल बोलत असतो आणि मागे फ्रिज घरघरतो. म्हणून चित्रीकरणाआधी फ्रिज बंद करायचा आणि आपल्या गाडीची किल्ली फ्रिजच्या आत ठेवायची. या धंद्यातले सगळे असंच करतात. किल्लीशिवाय घरी जाता येत नाही आणि किल्ली घ्यायला फ्रिज उघडला की तो बंद आहे हे आठवतं. सत्तावीस वर्षांत माझा एकही फ्रिज बंद राहिला नव्हता.

त्या दिवशी माझी गाडी थंडीने गारठून सुरूच झाली नाही. मी ब्रिटाच्या गाडीतून गेलो. किल्ली घरी खुंटीला होती, म्हणून मी टोपी ठेवली. बाहेर उणे वीस असताना टोपीशिवाय कोण निघतं, असा माझा हिशोब. इर्या लाहतीसारखी बाई ती टोपी काढून, झटकून, शेकून माझ्या हातात देईल हे काही मी धरलं नव्हतं.

इर्याच्या घरी फोन लावला. वाजत राहिला. मग आठवलं, बुधवार. ईस्टरआधीच्या उपासाच्या दिवसांत दर बुधवारी संध्याकाळी चर्चच्या तळघरात सगळ्यांसाठी सूप असतं आणि ते इर्या करते. तळघरात मोबाइल लागत नाही. चर्चच्या कार्यालयात फोन केला, तिथे यंत्र बोललं. तिचा नवरा आर्वो बर्फ काढायच्या सरकारी गाडीवर होता. त्याचा नंबरच आमच्याकडे नव्हता.

“ऊठ,” ब्रिटा कोट चढवत म्हणाली. तिने पैसे टेबलावर ठेवले आणि सूप तसंच टाकून आम्ही निघालो.

इर्याच्या त्या फ्रिजमध्ये दूध-लोणी नसतं. त्यात तिचं जेवण असतं. अकरा वर्षांपूर्वी तिच्या आतड्याच्या रक्तवाहिनीत गुठळी झाली आणि एका रात्रीत डॉक्टरांना जवळजवळ सगळं आतडं काढून टाकावं लागलं. तेव्हापासून तिने घास गिळलेला नाही. रोज संध्याकाळी सात वाजता ती छातीतल्या नळीला एक पिशवी जोडते, पंप चालू करते, आणि सकाळी सातपर्यंत तिचं बारा तासांचं जेवण थेट रक्तात उतरतं. पिशव्या तिच्यासाठी मापून बनवलेल्या असतात, दर मंगळवारी येतात, आणि सेहेचाळीस अंश फॅरनहाइटच्या, म्हणजे साधारण आठ सेल्सिअसच्या, वर गेल्या की फेकायच्या. त्यात जंतू वाढले तर ते पोटात जात नाहीत, सरळ रक्तात जातात. हे सगळं तिने मला पहिल्याच भेटीत सांगितलं होतं. मला माहीत नव्हतं असं म्हणायची सोय नव्हती.

आणि ही बाई बावीस वर्षं शाळेच्या स्वयंपाकघरात रोज तीनशे मुलांचं जेवण करत होती. अजूनही करते, चर्चमध्ये, अंत्यविधीला, आमच्यासाठी. चव बघायला जिभेवर टेकवते, थुंकते, चूळ भरते. मग पुढ्यात वाडगा ठेवून विचारते, मीठ बरोबर आहे ना? आम्ही नेहमी हो म्हणतो.

तिच्या स्वयंपाकघरात एक कॅलेंडर आहे. रोज सकाळी ती त्यावर पेन्सिलीने एक आकडा लिहिते: सलग किती रात्री स्वतःच्या बिछान्यात झोपली. त्या आधीची सात वर्षं तिची इस्पितळात ये-जा करण्यात गेली होती. शेवटचं घरी आली तेव्हा तिने आर्वोला बजावलं होतं, आता तिथे परत झोपायला जाणार नाही. त्या सकाळचा आकडा होता चौदाशे अकरा.

रस्त्यावर बर्फ सुरू झाला होता. ब्रिटा दोन्ही हातांनी स्टिअरिंग धरून पुढे वाकून बसली होती.

“तू त्यांना सांगितलं नव्हतंस? फ्रिज बंद करतोय म्हणून?”

“नाही.”

“का?”

“त्यांच्या खोलीत वीस मिनिटांचं काम होतं. सांगितलं असतं तर त्यांचं अर्धं लक्ष तिकडे राहिलं असतं.”

ही पण आमचीच एक पद्धत. बोलणाऱ्याच्या डोक्याला काळजी लावायची नाही. आणि ती वीस मिनिटं साडेचार तासांवर गेली, कारण सहाव्या भेटीत इर्या पहिल्यांदा खरं बोलली. त्या शेवटच्या दिवसाबद्दल. शाळेत उभ्या उभ्या डावाला चिकटलेला बटाट्याचा लगदा बोटाने निपटून खाल्ला होता, तो तिचा शेवटचा घास. “माहीत असतं तर नीट बसून खाल्ला असता,” ती म्हणाली. माझ्या हातातली काठी हलली. इतक्या वर्षांत असं दोन-तीनदाच झालंय.

“त्या आपल्याला हाकलून देतील,” ब्रिटा म्हणाली. “दोन वर्षं. दोन वर्षं मी या माणसांच्या मागे आहे. आजार मारत नाही आणि सोडतही नाही, अशी माणसं. शोधायलाच वर्ष गेलं. आणि आता...” मग तिने वायपरचा वेग वाढवला. “कॅमेरा मागेच आहे ना?”

“आहे.”

आम्हा दोघांना कळलं होतं तिने ते का विचारलं, आता जे घडेल ते टिपता यावं म्हणून, आणि मला तिचा राग आला. मग वाटलं, मला कुणाचा राग यायचा काय अधिकार आहे.

कारण एक गोष्ट मी तिला सांगितली नव्हती. वर्षभरापासून माझ्या डाव्या कानात एक आवाज आहे. थांबत नाही. बारीक घरघर, लांबच्या खोलीत फ्रिज चालू असावा तशी. डॉक्टर म्हणाले, वय झालं की होतं, जगायला शिका त्याच्यासोबत. आवाज टिपणाऱ्या माणसाच्या कानात आवाज असल्याचं कळलं तर त्याला काम कोण देणार? झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणून मी गप्प बसलो. पूर्वी हेडफोन काढले की खोलीतली ती पोकळ शांतता लगेच टोचायची आणि पाय आपोआप प्लगकडे वळायचे. आज मी हेडफोन काढले, सामान आवरलं, आणि मला फ्रिज चालू असल्याचं स्पष्ट ऐकू येत होतं. घराबाहेर अंगणातही ऐकू येत होतं. तरी मला कळलं नाही.

पावणेसातला पोचलो. घरात दिवा नव्हता. इकडे दारं कुणी लावत नाही. आम्ही बूट न काढताच आत शिरलो. झोपायच्या खोलीत, पलंगाच्या उशाशी, तो कमरेएवढा, आत दिवा नसलेला फ्रिज मुकाट उभा होता. वरच्या मांडणीवर आजची पिशवी, दुपारीच काढून ठेवलेली. तिला काही झालं नव्हतं. मी दार उघडलं. आतल्या दांडीला लटकवलेला तापमापक होता. ब्रिटाने फोनचा उजेड पाडला.

सत्तावन्न.

सहा पिशव्या एकमेकींना टेकून आडव्या होत्या. मी एकीला हात लावला. थंड नव्हती, गरमही नव्हती.

“लाव ना प्लग,” ब्रिटा म्हणाली.

मी खाली वाकलो, प्लग हातात घेतला.

“साडेसात-आठपर्यंत खाली येईल,” ती हळूच म्हणाली. “आजची पिशवी तर बाहेरच आहे. त्या उद्यापर्यंत हा उघडणारच नाहीत.”

“आणि आत जे व्हायचं ते झालं असेल तर?”

“कदाचित काही झालंही नसेल, ऑरिन. दार बंदच तर होतं. एकदाच उघडलं.”

“कदाचित.”

“मी फक्त म्हणतेय.”

ती वाईट मुलगी नाही. घाबरली होती, तेहतीस वर्षांची आहे, आणि तिने सगळं या कामात घातलंय. आणि मी तिला नावं ठेवणार नाही, कारण माझा हात भिंतीपर्यंत गेला होता. मी उकिडवा बसून विचार करत होतो, की खरंच, कुणाला कळणार आहे? इर्याला ताप आला तर काही दिवसांनी येईल. अशा माणसांना ताप येतोच. कुणी टोपीपर्यंत पोचणार नाही. माझं काम राहील, ब्रिटाची फिल्म राहील, आणि कॅलेंडरवर उद्या चौदाशे बारा लिहिलं जाईल. हा सगळा विचार मी केला. दुसऱ्या कुणी केला असं सांगून मला सुटता येणार नाही.

मग मी प्लग खाली ठेवला आणि पिशव्या एकेक करून बाहेर काढल्या. स्वयंपाकघरातला दिवा लावून सहाही टेबलावर ओळीने मांडल्या. एकदा त्या टेबलावर आल्या की परत झाकता येणार नाहीत, एवढंच माझ्या डोक्यात होतं. स्वतःवर माझा भरवसा नव्हता. ब्रिटा दाराला टेकून बघत राहिली आणि मग तिने खाली बसून हातांनी तोंड झाकलं.

दहा मिनिटांनी अंगणात गाडीचा उजेड फिरला. इर्या सुपाचं मोठं पातेलं पोटाशी धरून आत आली. बुटावरचा बर्फ आपटत म्हणाली, “परत आलात? रस्ता बंद झाला की भूक लागली?” आणि मग तिला टेबल दिसलं.

तिने पातेलं चुलीवर ठेवलं. हातमोजा काढला. लेकराचा ताप बघावा तसा हाताच्या पाठीने पहिल्या पिशवीला स्पर्श केला. मग दुसऱ्या.

“किती वाजल्यापासून?” तिने विचारलं.

“साडेदहा. मी प्लग काढला होता. आवाजासाठी. आत सत्तावन्न होतं.”

ती मनात मोजत होती. ओठ हलत होते.

“आणि ती टोपी?”

“आठवण राहावी म्हणून ठेवली होती. एरवी किल्ली ठेवतो.”

“आणि मी ती काढली.”

“तुमची काही चूक नाही.”

“मला माहीत आहे माझी चूक नाही,” इर्या म्हणाली. “ते मला तुझ्या तोंडून ऐकायचं नाही.”

ती खुर्चीत बसली. कोट अंगातच होता.

“पहिल्या दिवशी काय म्हणाला होतास? शेजारच्या घरातलं घड्याळ ऐकू येतं मला. किती हसलो होतो आम्ही. मग हा कसा नाही ऐकू आला? बंद फ्रिज तुला कळत नाही?”

ब्रिटा माझ्याकडे बघत होती. मी सांगितलं. कानातली घरघर, कधीपासून, डॉक्टर काय म्हणाले, सगळं. बोलताना मी टेबलाच्या कडेकडे बघत होतो. सांगून झालं तेव्हा ब्रिटा एवढंच म्हणाली, “एक वर्ष?”

“एक वर्ष.”

“म्हणजे या घरातल्या सहाही वेळा.”

“हो.”

इर्या माझ्याकडे वळली. “आजारी माणसांची फिल्म काढायला येता,” ती म्हणाली, “आणि आमच्याकडून सगळं काढून घेता. कुठे दुखतं, रात्री रडता का, नवरा जवळ येतो का. आणि स्वतःचं खिशात ठेवता.” त्यात ओरडणं नव्हतं. ओरडली असती तर बरं झालं असतं.

तिने फार्मसीच्या नर्सला फोन लावला. आम्हाला फक्त तिची बाजू ऐकू येत होती. हो. सहा. सत्तावन्न. आठ तास. नाही, आजची बाहेर होती. हो. हो, समजतंय. मग तिने फोन ठेवला.

“सगळ्या फेकायच्या. नव्या शनिवारी येतील, त्याआधी नाही. मोठं वादळ येतंय, उद्या दुपारनंतर गाडी इकडे चढणार नाही. आजची रात्र ठीक आहे. उद्या आणि परवा इस्पितळात.”

“दोनच रात्री,” ब्रिटा म्हणाली. धीर द्यायला म्हणाली असेल.

इर्याने तिच्याकडे पाहिलं आणि मग कॅलेंडरकडे पाहिलं.

तेवढ्यात आर्वो आला. उंचापुरा माणूस, अंगावर केशरी सरकारी कोट, भुवयांवर बर्फ. कॉफीला दहा मिनिटं थांबून पुन्हा रस्त्यावर जायचं होतं त्याला. इर्याने त्याला चार वाक्यांत सांगितलं. तो सगळं ऐकून माझ्यासमोर येऊन उभा राहिला.

“बाहेर हो,” तो म्हणाला.

मी उठलो.

“बस खाली,” इर्या म्हणाली. “बाहेर उणे वीस आहे. हा मेला तर याच्या अंत्यविधीला सूप मलाच करावं लागेल.”

“इर्या, या माणसाने—”

“मला माहीत आहे या माणसाने काय केलं. मी चिडलेय, आर्वो. माझी मला चिडू दे. तू मध्ये पडू नकोस.”

तिने कोट काढून खुंटीला लावला, बाह्या वर केल्या, कात्री घेतली आणि सिंकपाशी उभी राहिली. मग ब्रिटाकडे वळली. “कॅमेरा आण.”

“नको,” ब्रिटा म्हणाली. “आज नको, प्लीज.”

“आण म्हणते ना. सप्टेंबरात माझ्या अंगणात उभी राहून फोनवर काय म्हणालीस? बाई छान आहे, पण तिथे काही घडतच नाही. खिडकी उघडी होती. आता घडलंय. आण.”

ब्रिटाचा चेहरा कानापर्यंत लाल झाला. ती गाडीकडे गेली आणि कॅमेरा घेऊन आली. मी माइक जोडला, काठी धरली. सवयीने तिने विचारलं, “आवाज कसा येतोय?”

मी हेडफोन काढून तिच्या डोक्यावर चढवले. “तू ऐक,” म्हटलं.

असं मी सत्तावीस वर्षांत कधी केलं नव्हतं. ती क्षणभर डोळे मिटून ऐकत राहिली. “फ्रिजचा आवाज येतोय,” ती म्हणाली. “इथल्या, मोठ्या फ्रिजचा.”

माझा पाय आपोआप तिकडे वळला.

“त्याला हात लावलास तर बघ,” इर्या म्हणाली.

मी जागचा हललो नाही. तिने पहिल्या पिशवीचा कोपरा कापला. पांढरट-पिवळं, पातळ दुधासारखं ते सिंकमध्ये जाऊ लागलं. पिशवी मोठी असते, रिकामी व्हायला वेळ लागतो. इर्या ती दोन्ही हातांनी धरून तिरपी करत होती, एक थेंबही बाहेर सांडू न देता. आर्वोने टोपी काढून हातात घेतली होती. तिसऱ्या पिशवीला ती म्हणाली, “मुलांनी ताटात टाकलेलं अन्न मी रोज फेकायचे. बादल्या भरून. कधी काही वाटलं नाही.” मग चौथी, पाचवी, सहावी. माझ्या हातातली काठी जड झाली होती आणि मला रडू येत होतं, पण काठीवाल्याने नाक ओढलं तर तेही माइकमध्ये येतं, म्हणून मी तोंडाने श्वास घेत राहिलो.

शेवटची पिशवी संपल्यावर तिने सिंक धुतलं, हात पुसले आणि पातेल्यातलं उरलेलं मासळीचं सूप तीन वाडग्यांत वाढलं.

“मीठ बरोबर आहे ना?”

आर्वो हो म्हणाला. ब्रिटाने मान हलवली. मी एक चमचा गिळला.

“थोडं जास्त आहे,” मी म्हणालो.

इर्या थांबली. तिने बोटाच्या टोकाने चव घेतली, वळून थुंकली. “आहे खरं,” ती म्हणाली. “आणि चर्चमधले पन्नास जण छान-छान म्हणत होते. लबाड.”

आर्वो परत रस्त्यावर गेला. सातच्या जागी साडेआठला इर्याने नळी जोडली आणि खोलीचं दार लोटून घेतलं. ब्रिटा आणि मी बैठकीत कोचांवर पडलो. पंपाची टिकटिक मला ऐकू येत होती, की येते असं वाटत होतं, देव जाणे.

सकाळी मी उठलो तेव्हा इर्या स्वयंपाकघरात कॅलेंडरसमोर उभी होती. पेन्सिलीला टोक काढून तिने चौकोनात चौदाशे बारा लिहिलं. रोजच्यापेक्षा मोठं आणि ठळक. मग पेन्सिल दोरीला लटकवून सोडली.

रात्रभर रस्ते साफ करून आलेला आर्वो तासभर झोपून पुन्हा निघणार होता. वादळाच्या दिवशी त्याला सुट्टी नाही. म्हणून इर्याला इस्पितळात आम्हीच नेणार होतो. “दुसरी गाडी असती तर तुमच्याबरोबर आले नसते,” तिने सरळ सांगितलं. तिने छोटी बॅग भरली होती: दोन रात्रींचे कपडे, लोकर, विणायच्या सुया. आर्वोने दारात तिच्या कोटाचं सगळ्यात वरचं बटण लावलं आणि तिच्या कपाळाला कपाळ टेकवलं. माझ्याकडे त्याने पाहिलं नाही.

इर्या बूट घालून तयार झाली आणि मला म्हणाली, “खोलीतला फ्रिज चालू आहे का बघून ये. शनिवारी पिशव्या येतील तेव्हा तो थंड हवा.”

प्लग मी रात्रीच लावला होता. खोलीत गेलो. बिछाना नीट आवरलेला होता, चादरीला एक सुरकुती नव्हती. फ्रिजसमोर उभा राहिलो. घरघर ऐकू येत होती, पण कुणाची, ते मला ठरवता येईना. मी श्वास रोखला, डोकं इकडून तिकडे वळवलं, उजवा कान पुढे केला. मग वाकून फ्रिजच्या पत्र्याला तळवा लावला. बारीकशी थरथर हाताला लागली. खात्री वाटेना म्हणून दुसरा हातही लावला.

बाहेर येऊन म्हणालो, “चालू आहे.”

इर्याने मान डोलावली. मग बर्फाचे बूट पायात तसेच ठेवून, स्वतःच्या स्वच्छ फरशीवरून ती खोलीत गेली आणि तिने स्वतः हात लावून पाहिलं.